ड्रम नव्हता, बेस होता : सीकर्सच्या अ‍ॅथोल गायबद्दल

मंडळी, बेस वाजवणाऱ्या माणसावर तासभर कुणी बोलत नाही. गायिकेवर बोलतात, गिटारवाल्यावर बोलतात, ड्रमरचे तर किस्सेच किस्से असतात, आणि बेसवाल्याचं नाव यादीत शेवटी येतं. आज मला त्या शेवटच्या नावावरच बोलायचंय. ग्रुप कोणता, तर द सीकर्स, ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्नचा, १९६२ साली सुरू झालेला. ज्युडिथ डरहॅम गायची, कीथ पॉटगर आणि ब्रूस वूडली गिटार वाजवायचे आणि गायचे, आणि काळ्या जाड फ्रेमचा चष्मा लावून, कोट-टाय घालून, जवळजवळ स्वतःएवढा उंच डबल बेस धरून उभा असायचा तो अ‍ॅथोल गाय. ज्यांना साठच्या दशकातलं फोक-पॉप आवडतं त्यांनी ज्युडिथचा आवाज नक्की ऐकलेला असणार, कारण तो आवाज एकदा ऐकला की डोक्यातून जात नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की तो आवाज इतका निर्धास्तपणे वर जाऊ शकला, कारण खाली एक माणूस जागा सोडायला तयार नव्हता.

आता एक गोष्ट लक्षात घ्या, या ग्रुपमध्ये ड्रमर नव्हता. स्टेजवर चौघंच. रेकॉर्डिंगमध्ये काही गाण्यांवर इतर वाद्यं जोडली गेली, पण ग्रुपचा मूळ साचा म्हणजे दोन गिटार, एक बेस आणि चार गळे. म्हणजे लय कोण धरणार? गिटारवाले स्ट्रम करतात हे खरं, पण त्यांचं लक्ष गाण्यात पण असतं, हार्मनीत पण असतं, आणि गाताना माणूस थोडा पुढे पळतो किंवा मागे रेंगाळतो, ते नैसर्गिकच आहे. मग गाणं कुठे आहे हे सांगणारा एकच माणूस उरतो. तबल्याच्या जोडीत डग्गा काढून घ्या आणि मग नुसत्या चाटीवर ठेका ऐका, म्हणजे मी काय म्हणतोय ते लगेच कळेल, बोल सगळे आहेत पण पाय ठेवायला जमीन नाही.

थोडं वाद्याबद्दल बोलतो, कारण त्याशिवाय पुढचं नीट पोचणार नाही. डबल बेस हे साधारण सहा फुटी लाकडी वाद्य, चार तारा, ई, ए, डी, जी, म्हणजे प्रत्येक तार आधीच्या तारेच्या शुद्ध मध्यमावर लावलेली. सगळ्यात खालची ई साधारण ४१ हर्ट्झला वाजते. गिटारीसारखे पडदे नाहीत, नुसती गुळगुळीत काळी पट्टी, सूर कुठे आहे हे हाताला माहीत असावं लागतं. आणि अंतरं किती मोठी बघा, तारेची वाजणारी लांबी एक मीटरच्याही थोडी पुढे, त्यामुळे मानेच्या वरच्या टोकाला एका अर्ध्या सुरासाठी बोट जवळजवळ सहा सेंटिमीटर सरकवावं लागतं. गिटारवर तेच साडेतीनच्या आसपास. म्हणून बेसवाले डाव्या हाताची पहिली, दुसरी आणि चौथी, म्हणजे करंगळी, अशी बोटं वापरतात, तिसरं बोट करंगळीला आधार देतं, आणि एवढा पंजा ताणून हातात काय येतं तर फक्त एक पूर्ण स्वर. पुढचा सूर हवा असेल तर अख्खा हात उचलून न्यायचा, आणि न बघता, कारण बघायला गेलात तर समोरचा मायक्रोफोन सुटतो, आणि अ‍ॅथोलला गायचं पण होतं, सीकर्सच्या हार्मनीतला खालचा आवाज त्याचाच.

वाजवताना उजव्या हाताचं बोट तारेला आडवं लावून, बोटाच्या कडेच्या मांसल भागानं तार ओढून सोडायची. गिटारची तार छेडली की सूर तत्काळ येतो, बेसची जाड तार मात्र जरा वेळ घेते, सूर फुगत फुगत येतो. म्हणजे गिटारबरोबर एकाच क्षणी सूर ऐकू यायचा असेल तर बेसवाल्याला मनात किंचित आधी पोचलेलं असावं लागतं. आणि सूर सुरू करण्याइतकंच तो कुठे थांबवायचा हे महत्त्वाचं. डाव्या हाताचं बोट जरासं सैल केलं की सूर मिटतो. लांब ठेवला तर गाणं जड होतं, आखूड केला तर उडतं. सीकर्सची वेगवान गॉस्पेल गाणी, म्हणजे ख्रिस्ती भक्तिगीतं, घ्या, त्यात बेसचा सूर आखूड, टपटप, आणि मध्ये हवा, ती हवा म्हणजेच लय. संथ गाण्यात तोच सूर लांबवलेला, पुढच्या सुराला टेकेपर्यंत.

आणि सूर कुठले वाजवायचे? बहुतेक वेळा समेवर सा आणि तिसऱ्या मात्रेवर प. एवढंच. कॉर्ड बदलली की सा बदलतो, मधल्या वाटेत एक-दोन सूर चालत जायचं आणि नव्या साला जाऊन बसायचं. संगीत शिकणारी मुलं हे बघून म्हणतात यात काय आहे, हे तर कुणीपण वाजवेल. वाजवून बघा. अख्खा कार्यक्रम, एकही फिल, म्हणजे मधली सजावटीची भर, न मारता, स्वतःला कुठेही न दाखवता, प्रत्येक सा त्याच वजनाचा, त्याच जागी, आणि वर हसतमुखानं गायचं. मी अनेक चांगल्या वादकांना यात अस्वस्थ होताना पाहिलंय, त्यांचा हात शिवशिवतो, मग ते एक सजावट टाकतात आणि नेमकी त्याच जागी गायिकेची ओळ चालू असते. कमी वाजवायला शिस्त लागते आणि ती शिस्त या माणसाकडे होती.

बरं, आता आयुष्य. अ‍ॅथोलचा जन्म ५ जानेवारी १९४०, व्हिक्टोरिया राज्यातल्या कोलॅक गावचा. तरुणपणी मेलबर्नमध्ये गाण्याचे ग्रुप जमवणं सुरू झालं, सीकर्सच्या आधी रॅम्बलर्स नावाचा एक ग्रुप होता. सीकर्स पहिल्यांदा जमले तेव्हा गायक होता केन रे, त्यानं लग्न केलं आणि ग्रुप सोडला. पोटासाठी अ‍ॅथोल जाहिरात कंपनीत नोकरी करत होता, जे. वॉल्टर थॉम्प्सनमध्ये, आणि त्याच ऑफिसात सेक्रेटरी म्हणून एक मुलगी नव्यानं कामाला लागली, ज्युडिथ डरहॅम. ती तोपर्यंत ट्रॅडिशनल जॅझ गात होती, पियानो शिकलेली. डिसेंबर १९६२ ची गोष्ट, अ‍ॅथोलनं तिला विचारलं की आज संध्याकाळी आमचं गाणं आहे, येतेस का गायला, आणि ती ट्रेबल क्लेफ नावाच्या कॉफी लाउंजमध्ये गेली आणि गायली. सीकर्सचा इतिहास इथून सुरू होतो. मला या प्रसंगात एवढंच दिसतं की या माणसानं आवाज ओळखला, आणि ज्या ग्रुपचा तो जुना माणूस होता त्या ग्रुपमध्ये नव्या मुलीला मधोमध उभं करायला त्याला काही वाटलं नाही. ग्रुपमध्ये असं घडणं फार दुर्मीळ आहे. जुना माणूस सहसा मधली जागा सोडत नाही.

ज्युडिथमुळेच डब्ल्यू अँड जी या स्थानिक रेकॉर्ड कंपनीचं दार उघडलं, १९६३ मध्ये पहिला अल्बम आला. मग १९६४ साली चौघांनी फेअरस्काय नावाच्या जहाजावर एंटरटेनर म्हणून काम घेतलं, प्रवासात गायचं आणि इंग्लंडला पोचायचं, मे महिन्यात पोचले. बेत होता दहा आठवडे राहून परत यायचा. आता त्या काळी ऑस्ट्रेलियातून लंडन म्हणजे आठवड्यांचा समुद्रप्रवास, आणि हा सहा फुटी बेस बरोबर, जहाजाच्या हवेत लाकूड फुगतं, सूर हलतो, दर कार्यक्रमाआधी सूर लावायचा. प्रवासी म्हणजे कुठले तिकीट काढून आलेले रसिक नव्हेत, जेवणानंतर बसलेले लोक, त्यांना रोज नवं हवं. चौघांचं गाणं एकजीव होण्यासाठी यापेक्षा चांगली तालीम मिळाली नसती असं मला वाटतं.

लंडनला पोचल्यावर एडी जॅरेट या एजंटनं कामं मिळवून दिली, टीव्हीवर दिसायला लागले, आणि गायिका डस्टी स्प्रिंगफील्डच्या कार्यक्रमामुळे तिचा भाऊ टॉम स्प्रिंगफील्ड भेटला. टॉम आणि डस्टी यांचा स्वतःचा फोक-पॉप ग्रुप, द स्प्रिंगफील्ड्स, १९६३ मध्येच संपला होता, म्हणजे टॉमकडे गाणी लिहायची ताकद होती आणि गाणारा ग्रुप नव्हता, आणि इकडे ग्रुप होता आणि स्वतःची गाणी नव्हती. त्यानं लिहिलेलं आय'ल नेव्हर फाइंड अनदर यू नोव्हेंबर १९६४ मध्ये लंडनच्या अ‍ॅबी रोड स्टुडिओत रेकॉर्ड झालं, पायरेट, म्हणजे परवान्याशिवाय चालणाऱ्या, रेडिओ कॅरोलाइननं ते भरपूर वाजवलं, आणि फेब्रुवारी १९६५ मध्ये ते ब्रिटनमध्ये नंबर एकवर गेलं. अमेरिकेत चौथं. ऑस्ट्रेलियात अर्थातच पहिलं. हे बीटल्सच्या भर राज्यात हां, इलेक्ट्रिक गिटारचा धडाका चालू असताना, बारा तारांच्या अकूस्टिक गिटारीनं सुरू होणारं साधं सरळ गाणं.

इथे एक गंमतीची गोष्ट सांगतो, तांत्रिक आहे पण ऐका. त्या काळी बहुतेक लोकांनी हे गाणं छोट्या ट्रान्झिस्टरवर ऐकलं. त्या रेडिओच्या स्पीकरमधून ४१ हर्ट्झ तर सोडाच, १०० हर्ट्झसुद्धा धड येत नव्हते, तो स्पीकरच तळहाताएवढा. मग बेस ऐकू कसा आला? प्रत्येक सुराबरोबर त्याची दुप्पट, तिप्पट, चौपट कंपनं पण निघतात, ४१ बरोबर ८२, १२३, १६४, २०५, असं वरवर. स्पीकर खालचे गाळतो, वरचे पोचवतो, आणि आपला मेंदू त्या वरच्यांच्या अंतरावरून खालचा न आलेला सूर स्वतः भरून काढतो. म्हणजे लाखो लोकांनी जो बेस ऐकला तो त्यांच्या रेडिओतून बाहेर आलाच नव्हता, आणि तरी त्यांचे पाय त्यावरच हलत होते. आणि हे व्हायला सूर स्वच्छ असावा लागतो, गढूळ वाजवला तर वरची कंपनं विस्कटतात आणि मेंदूला काही बांधता येत नाही. रेकॉर्ड कापणाऱ्यांची पण बेसशी मारामारी असायची, खालचे सूर खोबणी रुंद करतात, जास्त झाले तर सुई उडते, म्हणून कापताना ते कमी करायचे आणि वाजवताना परत वाढवायचे, अशी सगळी व्यवस्था. एवढ्या चाळण्यांमधून जो बेस उरतो तो मुळातच नेमका असायला लागतो.

त्यानंतरची तीन वर्षं म्हणजे नुसता वेग. १९६५ मध्ये अ वर्ल्ड ऑफ अवर ओन, मग वर्षाच्या शेवटी द कार्निव्हल इज ओव्हर, ब्रिटनमध्ये नंबर एक, आणि नुसत्या ब्रिटनमध्येच दहा लाखांच्या वर प्रती. त्याची चाल एका जुन्या रशियन गाण्याची, शब्द टॉम स्प्रिंगफील्डचे. हे गाणं बेससाठी मला सगळ्यात अवघड वाटतं. का, तर ते संथ आहे आणि ज्युडिथ त्यात लांब लांब ओळी घेते, श्वासाच्या टोकापर्यंत. वेगवान गाण्यात चूक पुढच्या मात्रेत बुडून जाते, संथ गाण्यात दोन सुरांच्या मधलं अंतर एवढं मोठं असतं की जरा लवकर आलात तर गायिकेला ढकलल्यासारखं होतं आणि उशिरा आलात तर तिच्या पायाखाली काहीच नसतं. त्याच वर्षी एप्रिलमध्ये न्यू म्युझिकल एक्स्प्रेस या संगीत साप्ताहिकाच्या विजेत्यांचा कार्यक्रम वेम्बलीला झाला, तिथे बीटल्स, रोलिंग स्टोन्स आणि हे चौघं एकाच दिवशी एकाच स्टेजवर. बाकी बहुतेक बेसवाले खांद्याला इलेक्ट्रिक बेस अडकवून, अ‍ॅम्पमधून. १९५१ मध्ये फेंडरचा प्रिसिजन बेस बाजारात आल्यापासून डबल बेस पॉपमधून हळूहळू बाहेर चालला होता. अ‍ॅथोल तोच लाकडी बेस घेऊन उभा.

१९६६ मध्ये सिनेमाचं शीर्षकगीत आलं, जॉर्जी गर्ल, टॉम स्प्रिंगफील्डची चाल आणि जिम डेलचे शब्द, अमेरिकेत बिलबोर्डच्या यादीत दुसऱ्या नंबरपर्यंत गेलं आणि ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं. ब्रूस वूडलीनं पॉल सायमनबरोबर रेड रबर बॉल हे गाणं लिहिलं आणि ते दुसऱ्याच ग्रुपनं, द सर्कलनं, गाजवलं, हे जाता जाता, कारण सीकर्सना नुसते दुसऱ्यांची गाणी गाणारे समजणाऱ्यांना ते माहीत नसतं.

मग १२ मार्च १९६७. मेलबर्नचा मूम्बा फेस्टिव्हल, सिडनी मायर म्युझिक बोल हे उघडं नाट्यगृह, आणि गर्दी अंदाजे दोन लाख. शहराची लोकसंख्या त्या वेळी वीस लाखांच्या आसपास, म्हणजे दहा माणसांमागे एक माणूस तिथे हजर. चार माणसं, दोन गिटार, एक बेस, आणि दोन लाख ऐकणारे. विचार करा, एवढ्या उघड्यावर आवाज मागपर्यंत पोचायला वेळ लागतो, ३४० मीटर जायला एक सेकंद, मागचा माणूस टाळी वाजवणार ती चुकीच्याच मात्रेवर आणि ती परत स्टेजवर येणार आणखी उशिरा. प्रेक्षकांच्या टाळ्यांवर विसंबलात तर गाणं कोसळलंच. अशा वेळी स्टेजवरचे लोक डोळ्यांनी आणि पायाखालच्या फळीनं एकमेकांना धरून असतात, डबल बेसची खालची सळई जमिनीला टेकलेली असते, तिच्यातून सूर फळीत उतरतो आणि शेजारच्याच्या तळपायाला लागतो. डबल बेसवाल्याशेजारी उभं राहून ज्यांनी गायलंय त्यांना हा अनुभव असेल, मला आहे, आणि त्यासारखा भरवसा दुसऱ्या कुठल्या वाद्यानं दिलेला नाही. त्या वर्षीचा ऑस्ट्रेलियन ऑफ द इयर हा सन्मान चौघांना मिळून दिला गेला.

आणि ऐन भरात ते थांबले. फेब्रुवारी १९६८ मध्ये न्यूझीलंडच्या दौऱ्यावर ज्युडिथनं सांगितलं की मला एकटीनं गायचंय, सहा महिन्यांची मुदत दिली. जुलै १९६८ मध्ये बीबीसीवर निरोपाचा कार्यक्रम झाला, एक कोटीच्या वर लोकांनी तो पाहिला. त्यानंतर आलेला त्यांच्या निवडक गाण्यांचा अल्बम ब्रिटनमध्ये नंबर एकवर गेला, बीटल्सच्या पांढऱ्या कव्हरच्या अल्बमला खाली ढकलून, आणि ग्रुप तर तेव्हा अस्तित्वातच नव्हता. मला त्या सहा महिन्यांचं फार वाटतं. आपला ग्रुप संपणार हे माहीत असताना रोज रात्री उभं राहायचं, जिच्यामुळे तो संपणार तिच्याच आवाजाखाली तेवढाच घट्ट सा ठेवायचा. निरोपाच्या त्या कार्यक्रमात कुठे राग नाही, कुठे हलगर्जीपणा नाही, गाणी तशीच्या तशी स्वच्छ. व्यावसायिकपणा म्हणतात तो हा, आणि त्याला माणुसकी पण म्हणता येईल.

आता पुढचं अनेकांना माहीत नसतं. अ‍ॅथोल घरी परतला, टीव्हीवर काम केलं, आणि १९७१ मध्ये व्हिक्टोरियाच्या विधानसभेवर निवडून आला, गिसबोर्न मतदारसंघातून, लिबरल पक्षातर्फे. १९७९ पर्यंत आमदार होता. आणि आमदार असतानाच १९७५ मध्ये सीकर्स परत उभे राहिले, ज्युडिथच्या जागी लुइसा विसेलिंग ही गायिका, ब्रूसनं लिहिलेलं द स्पॅरो साँग आलं, आणि ते ऑस्ट्रेलियात दुसऱ्या नंबरवर गेलं. म्हणजे विधानसभेत बसणारा माणूस, बाजारात त्याच्या ग्रुपचं हिट गाणं, आणि त्यात बेसवर तोच. त्याच्या पक्षाशी किंवा राजकारणाशी मला इथे घेणं नाही, तो माझा विषयही नाही. मला रस आहे तो यात की हा माणूस वेगवेगळ्या जागी वेगळा नव्हता. सीकर्समध्ये पण गाण्यांच्या मधलं बोलणं बऱ्याचदा त्याच्याकडे असायचं, प्रेक्षकांना सैल करायचं, पुढचं गाणं सांगायचं, आणि गाणं सुरू झालं की परत बाजूला जाऊन बेस. बोलताना पुढे, वाजवताना मागे, हे बदल त्याला इतके सहज जमायचे की मतदारांसमोर उभं राहणं त्याला फार परकं वाटलं नसावं.

मधली वर्षं मी पटकन सोडतो, वेगवेगळ्या गायिका आल्या-गेल्या, ग्रुपचं नाव टिकलं, पण लोक वाट बघत होते ती मूळ चौघांची. कीथनं १९६९ मध्ये न्यू सीकर्स हा वेगळा ग्रुप उभा केला होता, त्याची गोष्ट पण मोठी आहे, ती परत कधीतरी. १९९३ मध्ये, म्हणजे निरोपानंतर २५ वर्षांनी, ज्युडिथ, कीथ, ब्रूस आणि अ‍ॅथोल एकत्र आले. त्या पुनर्मीलनाची रेकॉर्डिंग्ज ऐका, मंडळी. गळे थोडे खाली आलेत, साहजिक आहे, पण चौघांच्या आवाजाचा गोफ तसाच, कारण हे गाणं कुणा एकाच्या करामतीवर उभं नव्हतंच. १९९५ मध्ये आरिया हॉल ऑफ फेम, म्हणजे ऑस्ट्रेलियन रेकॉर्डिंग उद्योगाचा सन्मान. २००० च्या सिडनी ऑलिंपिकच्या समारोपात ते गाणार होते, पण ज्युडिथचं कंबरेचं हाड मोडलं, मग काही आठवड्यांनी पॅरालिंपिकच्या समारोपात तिनं व्हीलचेअरमधून द कार्निव्हल इज ओव्हर गायलं आणि तिघं तिच्या बाजूला.

२०१३ मध्ये ग्रुपच्या पन्नाशीचा दौरा सुरू झाला आणि मे महिन्यात, मेलबर्नच्या पहिल्या कार्यक्रमानंतर, ज्युडिथला मेंदूत रक्तस्राव झाला. वाचणं-लिहिणं अवघड झालं, संगीताची लिपीसुद्धा नीट वाचता येईना, पण गाणं शाबूत राहिलं. त्याच वर्षाच्या शेवटी ती परत स्टेजवर उभी राहिली, आणि २०१४ मध्ये ब्रिटनचा दौरा, लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलपर्यंत. अ‍ॅथोल तेव्हा ७४ वर्षांचा. चौऱ्याहत्तराव्या वर्षी डबल बेस उभ्यानं वाजवणं म्हणजे काय ते वाजवणाऱ्याला विचारा, खांदा दुखतो, डाव्या अंगठ्याचा सांधा दुखतो, बोटांवरची घट्टे पडलेली कातडी वयानं पातळ होते. आणि समोर एक गायिका जिला कागदावरून वाचणं अवघड झालेलं, भिस्त आठवणीवर आणि कानावर. कान कशावर टेकणार? खालच्या सुरावर. २०१४ मध्येच चौघांना ऑर्डर ऑफ ऑस्ट्रेलिया मिळाली. ज्युडिथ ५ ऑगस्ट २०२२ ला गेली.

बोलणं संपल्यावर दोन-तीन प्रश्न आले ते पण इथे देतो, कारण चांगले होते.

एका मुलीनं विचारलं, इलेक्ट्रिक बेस सोपा होता, हलका होता, मग तो घेतला का नाही. माझं उत्तर असं की त्या ग्रुपच्या आवाजात तो बसलाच नसता. अकूस्टिक गिटारचा सूर छेडल्यावर विरत जातो, डबल बेसचा पण विरत जातो, दोघांचं विरणं जुळतं. इलेक्ट्रिक बेसचा सूर टिकतो, आणि टिकणारा सूर विरणाऱ्या सुरांच्या खाली ठेवला की तो एकदम वेगळा, चिकटवल्यासारखा ऐकू येतो. शिवाय चार गळ्यांच्या हार्मनीत सगळ्यात खालचा गळा आणि बेस यांच्यामध्ये थोडी धूसर जागा लागते, कुठे आवाज संपला आणि कुठे वाद्य सुरू झालं हे कळू नये अशी, ती लाकडातून येते. इलेक्ट्रिकवर पण सुंदर फोक-पॉप झालंय, त्याबद्दल वाद नाही, पण ते गाणं वेगळ्या बांधणीचं असतं.

दुसरे एक गृहस्थ म्हणाले, तुम्ही जे सांगताय त्यात वादकाची प्रतिभा कुठे आहे, हे तर काम झालं. मी त्यांना म्हटलं, काका, बेसमध्ये प्रतिभा आणि काम यांची दोन खाती नाहीत. कुठला सूर नको हे क्षणाक्षणाला ठरवणं हीच तिथली प्रतिभा. सा आणि प सगळ्यांना माहीत आहेत, पण ओळीच्या शेवटी गायिका श्वास घेते त्या अर्ध्या मात्रेत चालत वर जायचं की गप्प राहायचं, हा निर्णय एका गाण्यात किती तरी वेळा येतो आणि प्रत्येक वेळी उत्तर वेगळं असतं. त्यांना पटलं की नाही माहीत नाही, पण ते वाद घालायला मागे थांबले आणि मला फार बरं वाटलं.

शेवटचा प्रश्न एका तरुणाचा, म्हणाला मी गाणी लावली पण मला बेस ऐकूच येत नाही. तर त्यानं मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नये, साधे का होईना कानात हेडफोन घालावेत, आणि सुरुवात जॉर्जी गर्लनं करू नये, तिथे बाकीचा मामला खूप आहे. १९६८ चा बीबीसीचा निरोपाचा कार्यक्रम लावा, त्यातलं एखादं वेगवान गॉस्पेल गाणं घ्या. पहिल्यांदा ज्युडिथच ऐकू येईल, येऊ द्या, तिला अडवू नका. दुसऱ्यांदा तेच गाणं लावा आणि तोंडानं फक्त खालचा सूर धरा, शब्द नाही, नुसतं हूं हूं, समेला एक आणि तिसऱ्या मात्रेला एक. चार-पाच ओळींत कान खाली उतरतो. मग तोच प्रयोग द कार्निव्हल इज ओव्हरवर करा, तिथे तुमचा सूर लवकर येईल, सगळ्यांचाच येतो, तेव्हा थांबा आणि अ‍ॅथोल कुठे वाजवतोय ते ऐका.